मूकधुके जागा ओळखते: कल्पित जगातील एका जादुई आपत्तीविषयी

प्रश्न थोडक्यात असा आहे. कादंबरीतल्या डोंगराळ प्रदेशात एक खोल तळे आहे. त्यातून अधूनमधून ‘मूकधुके’ उठते आणि ते ज्याच्या श्वासात जाते त्याचा आवाज कायमचा नाहीसा होतो. कादंबरीत हे धुके तीन वेळा येते: नायिकेच्या बहिणीच्या लग्नात, सीमेकडच्या पाठलागात आणि अखेरच्या लढाईत. हस्तलिखित वाचणाऱ्यांचे मत पडले की धुक्याचे वर्णन सुंदर उतरले आहे, पण त्याची भीती वाटत नाही. म्हणून धुके अधिक घातक करावे का, म्हणजे त्याने माणसे मारावीत का, ते साऱ्या राज्यावर पसरावे का, असे तुम्ही विचारले आहे.

मी बरीच वर्षे दिवाळी अंकांसाठी अद्भुतकथा लिहीत आलो आहे आणि नव्या लेखकांची हस्तलिखितेही तपासतो, त्या आधारावर माझे उत्तर स्पष्ट नकाराचे आहे. तुमच्या कादंबरीत धुके कथानकाची वेळ पाहून उठते. लग्नात ते अक्षता पडायच्या क्षणी येते, पाठलागात नायिका हाती लागणार तेवढ्यात येते आणि लढाईत शत्रूची सरशी होऊ लागताच येते. तिसऱ्या वेळेपर्यंत वाचकाला कळून चुकते की हे धुके लेखकाच्या आज्ञेत आहे. शाप किंवा सूड रचायचा असता तर हे खपले असते, कारण शापाला माणूस ओळखता येतो. परंतु धुके हा त्या प्रदेशाच्या निसर्गाचा भाग आहे, असे तुम्हीच पहिल्या प्रकरणात म्हटले आहे, आणि निसर्गातली आपत्ती माणूस ओळखत नाही, जागा ओळखते. तेव्हा धुक्याचे बळ वाढवण्याआधी त्याला जमीन द्यावी लागेल: ते कोठे साठते, कशाने सुटते, कोणत्या वाटेने वाहते, किती उंचीपर्यंत चढते आणि पुन्हा भरायला त्याला किती काळ लागतो. या प्रश्नांची उत्तरे ठरली की कथानकातील निम्मे प्रसंग आपोआप सुचतील आणि काही आवडते प्रसंग गाळावेही लागतील.

तळ्यातून उठणारी आपत्ती तुम्ही कल्पनेतून निर्माण केली असली, तरी तिचे वास्तवातले भावंड उपलब्ध आहे आणि ते बारकाईने पाहण्यासारखे आहे. कॅमेरूनच्या वायव्य भागातील न्योस हे तळे ज्वालामुखीच्या विवरात साठलेले असून त्याची खोली दोनशे मीटरच्या थोडी वर आहे. भूगर्भातून झिरपणारा कार्बन डायऑक्साइड त्याच्या तळाच्या पाण्यात विरघळतो, आणि वरच्या पाण्याचा दाब वातावरणाच्या वीसपट असल्यामुळे तो तेथेच कोंडून राहतो. उष्ण प्रदेशातील या तळ्याचे वरचे आणि खालचे पाणी सहसा मिसळत नाही, त्यामुळे हा साठा वर्षानुवर्षे वाढत गेला. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री काही कारणाने तळाचे पाणी वर ढवळले गेले, दाब कमी होताच वायू बुडबुड्यांच्या रूपाने सुटला, त्या बुडबुड्यांनी आणखी पाणी वर ओढले, आणि घट्ट बुचाची सोड्याची बाटली उघडावी तसे सारे तळे फसफसून उठले. हवेपेक्षा जड असलेला तो वायू दऱ्यांच्या उताराने वाहत सुमारे पंचवीस किलोमीटरपर्यंत पोहोचला. सतराशेहून अधिक माणसे आणि सुमारे साडेतीन हजार गुरे गुदमरून मेली. घरे जागच्या जागी उभी होती.

कथाकाराच्या दृष्टीने मृतांच्या आकड्यापेक्षा या घटनेचा आकार महत्त्वाचा आहे. दरीच्या तळाशी असलेल्या वस्त्या जवळजवळ संपल्या, तर उतारावर वरच्या अंगाला राहणारे अनेक जण वाचले; म्हणजे एका रात्रीत जगण्यामरण्याचा निवाडा घराच्या उंचीने केला. तेल शिल्लक असतानाही दिवे विझले, कारण ज्योतीला लागणारी हवाच खालून सरकली होती. वाचलेल्यांपैकी काही जण कित्येक तासांनी शुद्धीवर आले, तेव्हा त्यांच्या आसपास कोणीच हलत नव्हते. तळ्याचे पाणी तांबूस झाले होते, कारण तळाचे लोहयुक्त पाणी वर येऊन हवेशी संयोग पावले. अनेकांनी कुजक्या अंड्यांचा किंवा बंदुकीच्या दारूचा वास आल्याचे सांगितले, आणि त्यावरून हा ज्वालामुखीचा उद्रेक असावा असा तर्क काही शास्त्रज्ञांनी केला. पुढील तपासात त्या प्रमाणात गंधकयुक्त वायू आढळले नाहीत. कार्बन डायऑक्साइडचे प्रमाण फार वाढले की माणसाला असे वास भासू शकतात. साक्षीदार प्रामाणिक होते, तरीही त्यांच्या साक्षीने तपास काही काळ वेगळ्या दिशेला नेला. तुमच्या कादंबरीत धुक्यातून वाचलेली प्रत्येक व्यक्ती जणू अभ्यासकाच्या अचूकतेने बोलते. ती अचूकता काढून टाका.

न्योसबाबत आणखी एक गोष्ट तुमच्या फार उपयोगाची आहे. वायू कसा साठला आणि कसा वाहिला याविषयी आज शास्त्रज्ञांमध्ये मतैक्य आहे, मात्र त्या रात्री तळे नेमके कशाने ढवळले गेले, दरड कोसळून, वाऱ्याने की थंड पावसाच्या पाण्याने, यावर अजूनही मतभेद आहेत. साठ्याचा नियम माहीत आणि सुटण्याचा मुहूर्त अज्ञात, ही स्थिती खऱ्या भयाची आहे. जादुई आपत्ती रचताना बहुतेक लेखक नेमके उलटे करतात. ते मुहूर्त निश्चित करतात, म्हणजे दर बारा वर्षांनी, अमावास्येला किंवा दोन चंद्र एकत्र आल्यावर, आणि नियम मात्र धूसर ठेवतात. मग पात्रांना पंचांग पाहून निर्धास्त राहता येते, आणि प्रत्यक्ष संकट आल्यावर काहीही घडू शकत असल्यामुळे काहीच घडल्यासारखे वाटत नाही. तुमच्या मसुद्यातील ‘सातव्या शरदात’ हा हिशेब मी गाळला असता.

आता मूकधुक्याला असा नियम देऊन पाहू. माझी सूचना अशी, आणि ती तुम्ही मोडूनतोडून वापरावी: तळ्याच्या बुडाशी झऱ्यांवाटे एक क्षार येतो, आणि तो क्षार नाद शोषून घेतो. खालच्या जड, थंड पाण्यात तो साठत जातो. पाणी ढवळले की तो धुक्याच्या कणांबरोबर बाहेर पडतो, ते धुके जमिनीलगत राहते, ओढ्यांच्या वाटेने उतरते आणि एका विशिष्ट रेषेच्या वर चढत नाही. धुक्याच्या आत कोणताच आवाज पसरत नाही. ते श्वासात गेले तर क्षार कंठात बसतो आणि त्या कंठाचा नाद तेथेच शोषला जाऊ लागतो. धुके विरल्यावर दगडांवर पांढरट पूड उरते, आणि तिच्यात शोषलेले आवाज असतात. येथे नवीन चमत्कार एकच आहे, बाकीचे सारे त्याचे परिणाम आहेत. तुमच्या मसुद्यात धुके आवाज नेते, दिशा विसरायला लावते, लोखंड गंजवते आणि नायिकेच्या ताईताला घाबरते. चार गुण चार दिशांना जातात आणि एकही मनात ठरत नाही. नाद शोषणे एवढेच ठेवा. ताईत काढून टाकणे तुम्हाला जड जाईल, तरीही काढा.

हा एक नियम किती लांब नेता येतो ते पाहा. धुक्याच्या आत आवाज पसरत नसेल, तर गावाला ओरडून सावध करता येणार नाही, कारण ज्याने धुके प्रथम पाहिले तो बहुधा त्याच्या आत असेल. मग खालच्या कुरणात चरणाऱ्या गुरांच्या गळ्यातील घंटा हेच इशाऱ्याचे साधन होईल: जोवर घंटांचा किणकिणाट वर ऐकू येतो तोवर सारे ठीक, तो थांबला की पोरांना घेऊन चढ चढायचा. अशा गावातील माणसे शांततेत झोपू शकणार नाहीत, आणि पाहुणा म्हणून आलेल्या सेनापतीला रात्रभर चाललेल्या घंटांचा त्रास होऊन त्याने त्या उतरवायला सांगितल्या, तर तुम्हाला एक संपूर्ण प्रकरण मिळते. त्या प्रकरणात धुके आलेच पाहिजे असे नाही. घंटा उतरवलेली ती एक रात्र गावकऱ्यांनी कशी काढली, हे पुरेसे आहे.

मोठ्या आपत्तीच्या जोडीला तिचे रोजचे, लहान रूपही दाखवावे लागते, आणि माझ्या मते हस्तलिखितातील सर्वांत मोठी उणीव ती आहे. पूर्व काँगोमध्ये, गोमा शहराच्या परिसरात, ज्वालामुखीय जमिनीतून निघणारा कार्बन डायऑक्साइड खोलगट जागी साचतो. वारा नसलेल्या रात्री आणि पहाटे तो अधिक दाट असतो, ऊन आणि वारा सुरू झाला की विरळ होतो. उभ्या माणसाला जेथे काही जाणवत नाही, तेथे शेळी किंवा लहान मूल दगावू शकते. इटलीत नेपल्सजवळ अग्नानो येथील एका गुहेत याच वायूचा थर जमिनीलगत असे, आणि पूर्वीच्या काळी युरोपातून येणाऱ्या प्रवाशांना तेथे एक क्रूर खेळ दाखवला जाई: वाटाड्या कुत्र्याला आत नेई, कुत्रे बेशुद्ध पडे, माणूस उभाच राही, आणि मग कुत्र्याला बाहेर आणून जवळच्या तळ्याच्या पाण्यात शुद्धीवर आणले जाई. संकटाशेजारी राहणारी माणसे नेहमी थरथर कापत नसतात. ती संकटाची उंची मोजतात, त्यावर पैसे मिळवतात, त्याचा खेळ करतात आणि कधीकधी त्यात एखादा जीवही गमावतात. तुमच्या गावातील मुलांनी गुडघाभर धुक्यात उतरून कोण जास्त वेळ श्वास रोखतो अशी पैज लावली पाहिजे, आणि नायिकेने लहानपणी ती जिंकलेली असली पाहिजे.

येथून पुढचा प्रश्न येतो तो, लोक तेथे राहतातच का, हा. हस्तलिखितात याचे उत्तर ‘पूर्वजांची भूमी’ असे एका वाक्यात दिले आहे, ते अपुरे आहे. रवांडा आणि काँगो यांच्या सीमेवरील किवू तळ्यात न्योसपेक्षा कितीतरी पटींनी जास्त वायू विरघळलेला आहे, सुमारे ३०० घनकिलोमीटर कार्बन डायऑक्साइड आणि ६० घनकिलोमीटर मिथेन असा त्याचा अंदाज दिला जातो, आणि काठावर लाखो माणसे राहतात. त्याच मिथेनवर रवांडात सुमारे २६ मेगावॅटचे वीजकेंद्र चालते. व्हेनेझुएलात काताटुंबो नदी माराकाइबो तळ्याला मिळते त्या भागात वर्षातील बहुसंख्य रात्री विजांचा लखलखाट होतो. खलाशांना तो दीपस्तंभासारखा उपयोगी पडत आला आहे आणि सुलिया राज्याच्या ध्वजावर वीज झळकते आहे. २०१० च्या सुरुवातीला दुष्काळात काही महिने त्या विजा दिसेनाशा झाल्या, तेव्हा लोकांना चिंता वाटली ती त्या थांबल्याची. संकट जेथे उपजीविकेत, ओळखीत आणि दिशा ठरवण्यात मिसळलेले असते, तेथे त्याला सोडून जाणे किंवा त्याचा नाश करणे हे दोन्ही पर्याय कठीण होतात, आणि कादंबरीला तशाच कठीण पर्यायांची गरज असते.

मूकधुक्याच्या बाबतीत ही ओढ त्या पांढऱ्या पुडीत आहे. ती तापवली की तिच्यातील आवाज एकदाच ऐकू येतो आणि मग पूड निव्वळ माती होते, असे धरा. मग व्यापारी येतील, दरबारात गायकांच्या आवाजाची पूड विकली जाईल, आणि गावात एखादी म्हातारी नवऱ्याच्या शेवटच्या हाकेची चिमूटभर पूड वर्षानुवर्षे डबीत जपून ठेवील, कारण ऐकली की ती संपणार. पुडीचा भाव चढला की कोणीतरी पाण्यात धोंडे लोटून धुके मुद्दाम उठवायचे ठरवील. खलनायक तुम्ही बाहेरून आणला आहे, काळ्या चिलखतातील परका राजा. त्याच्यापेक्षा कर्जात बुडालेला गावचाच पूडवाला मला अधिक भीतिदायक वाटतो. येथे एक सावधगिरी मात्र घ्यावी लागेल. पूड आवाज ऐकवते एवढेच ठरवा. ती आवाज परत देते असे शेवटच्या प्रकरणात चुकूनही होऊ देऊ नका, नाहीतर आधीचे सर्व नुकसान उसनवारीचे ठरेल.

आवाज गेलेल्या माणसांचे पुढे काय होते, याकडे हस्तलिखितात लक्षच गेलेले नाही. ती एका पडवीत बसून नायिकेकडे करुण नजरेने पाहतात आणि त्यानंतर कादंबरीत त्यांचा पत्ता नाही. वास्तवात असे होत नाही. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स राज्यात मार्थाज व्हिनयार्ड नावाचे बेट आहे. तेथे आनुवंशिक बहिरेपणाचे प्रमाण जास्त होते, आणि एकोणिसाव्या शतकात तेथील काही वस्त्यांमध्ये ऐकू येणारी माणसेही खुणांची भाषा सहज वापरत असत. पिढ्यानपिढ्या ज्या गावावर मूकधुके येत आहे, त्या गावाची स्वतःची खुणांची भाषा असणारच, आणि ती आवाज असलेल्यांनाही येत असणार. उलट राजधानीतून आलेला अधिकारीच त्या चावडीत अडाणी ठरेल. कॅनरी बेटांपैकी ला गोमेरा येथे दऱ्यांपलीकडे निरोप पोहोचवण्यासाठी शिट्टीची भाषा वापरली जाते. ती १९९९ पासून तेथील शाळांत शिकवली जाते आणि २००९ मध्ये युनेस्कोने तिचा अमूर्त वारशाच्या यादीत समावेश केला. शिट्टीला स्वरयंत्राचा नाद लागत नाही, ओठ, जीभ आणि श्वास पुरतो. म्हणजे तुमच्या नियमानुसार आवाज गेलेल्या माणसालाही ती येऊ शकेल. ज्या जगात मंत्र मोठ्याने उच्चारल्याशिवाय जादू चालत नाही, तेथे शिट्टीने मंत्र चालतो का, हा प्रश्न न्यायसभेत येऊ द्या. मूक व्यक्तीची साक्ष, तिची लग्नाला संमती, तिने केलेले इच्छापत्र, यांविषयीच्या कायद्यांचे नुसते दोन उल्लेखही धुक्याच्या पानभर वर्णनापेक्षा अधिक काम करतील.

इशाऱ्यांचेही तसेच. इंडोनेशियातील सिमेउलुए बेटावर १९०७ साली त्सुनामीने मोठी हानी झाली, आणि तिची आठवण अंगाईगीतांतून व गोष्टींतून पुढे चालत राहिली: जमीन जोरात हलली आणि समुद्र मागे हटला तर वाट न पाहता डोंगराकडे पळा. २६ डिसेंबर २००४ रोजी हे बेट भूकंपाच्या केंद्राच्या अगदी जवळ होते, लाटा काही मिनिटांतच आल्या, तरी सुमारे ७८ हजार वस्तीपैकी सातच माणसे दगावली. जपानमधील आनेयोशी या वाडीत १९३३ च्या त्सुनामीनंतर एक दगड उभारून त्याच्या खाली घरे बांधू नयेत असे कोरून ठेवले होते. २०११ ची लाट त्या दगडाच्या खालीच थांबली. तुमच्या गावात धुक्याची रेषा दाखवणारे दगड हवेत, आणि काही वर्षे धुके न आल्यामुळे त्या दगडांच्या खाली बांधलेली दोनचार नवी घरेही हवीत, कारण खालची जमीन सपाट, ओलिताची आणि स्वस्त असते.

गावातील वडीलधाऱ्यांना मूर्ख ठरवू नका, हेही येथेच सांगितले पाहिजे. जावा बेटावरील मेरापी ज्वालामुखीचे परंपरागत राखणदार म्बाह मारिजान यांची नेमणूक योग्याकार्ताच्या सुलतानांकडून झाली होती. २००६ मध्ये स्थलांतराचा आदेश असूनही ते जागेवरून हलले नाहीत आणि वाचले, त्यामुळे त्यांचा लौकिक देशभर पसरला. २६ ऑक्टोबर २०१० रोजी पर्वत पुन्हा जागा झाला, तेव्हाही ते थांबले, आणि तप्त राखेच्या लोटात त्यांचा मृत्यू झाला. त्यांना अंधश्रद्ध म्हणून मोकळे होणे सोपे आहे, पण आधीच्या वेळी बरोबर ठरलेल्या माणसाचा शब्द लोक का मानतात, यातच खरे नाट्य आहे. तुमच्या मठाधिपतीला एकदा बरोबर ठरू द्या, तेही पुस्तकाच्या पूर्वार्धात आणि नायिकेच्या देखत.

मराठी वाचकाविषयी थोडे. तळे आणि धुके म्हटले की आपल्याकडील वाचक भुताची किंवा चकव्याची वाट पाहू लागतो, आणि चकवा हा एकट्यादुकट्या वाटसरूला गाठणारा, त्याच्याशी खेळणारा प्रकार असल्यामुळे वाचक पुन्हा ‘कोणाची तरी करणी’ या समजुतीकडे वळतो. त्याला पहिल्या काही पानांतच त्या वाटेवरून परत आणावे लागते, आणि त्यासाठी लोणारचे उदाहरण मला नेहमी जवळचे वाटते. बुलढाणा जिल्ह्यातील हे सरोवर लवणासुराच्या वधाच्या कथेशी जोडलेले आहे. भूशास्त्रज्ञ त्याला बसाल्ट खडकात उल्कापाताने झालेले विवर मानतात. आणि जून २०२० मध्ये त्याचे पाणी गुलाबी झाले, तेव्हा तपासाअंती ते खारट पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे झाल्याचे सांगण्यात आले. एकाच पाण्याची ही तीन स्पष्टीकरणे गावात गुण्यागोविंदाने नांदतात, आणि दैत्यसूदनाच्या देवळात जाणारा माणूस सूक्ष्मजीवांची बातमीही वाचतो. तुमच्या जगातही क्षाराचा नियम सांगणारा एकच ज्ञानी नको. पुजाऱ्याचे, पूडवाल्याचे आणि गुराख्याचे म्हणणे वेगवेगळे असू द्या, आणि त्यांपैकी गुराख्याचे म्हणणे अपुरे असूनही सर्वांत उपयोगी ठरू द्या.

आपत्तीचा प्रसंग कोणाच्या नजरेतून सांगायचा, याबद्दल माझे मत ठाम आहे: निदान एकदा तरी तो उशिरा पोहोचणाऱ्याच्या नजरेतून सांगावा. ३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातील माळीण गाव दरडीखाली गाडले गेले, सुमारे दीडशे माणसे त्यात गेली, आणि ही गोष्ट बाहेरच्या जगाला प्रथम कळली ती एसटीच्या चालकामुळे, ज्याला नेहमीच्या ठिकाणी गावच दिसले नाही. त्या चालकाला दरड कोसळताना दिसली नव्हती. तुमच्या लग्नाच्या प्रकरणात धुके मांडवात शिरते तेव्हा निवेदक आकाशातून सर्व काही पाहतो, कोणाचा आवाज कोणत्या क्षणी गेला याची यादी देतो, आणि म्हणूनच ते सारे चित्रासारखे स्थिर राहते. त्याऐवजी वरच्या वाडीतून आहेर घेऊन उशिरा निघालेल्या मामाला उतरताना वाजंत्री ऐकू येत नाही, एवढ्यापासून सुरुवात करा. त्याला आधी वाटेल की मुहूर्त टळला, मग वाटेल की भांडण झाले. रेषेच्या दगडाशी पोहोचेपर्यंत त्याचे तर्क साधेच असले पाहिजेत.

शेवटाविषयी तुम्ही विचारलेले नाही, पण तेथे नायिका तळ्यात उडी घेऊन धुक्याचा ‘उगम’ नष्ट करते, आणि ते मला पटलेले नाही. न्योसवर काय केले गेले ते पाहण्यासारखे आहे. २००१ मध्ये तळ्यात उभा पाइप बसवण्यात आला. सुरुवातीला पंपाने थोडे पाणी वर ओढावे लागते, मग वर येताना सुटणारा वायूच पाण्याला उचलू लागतो आणि पंप बंद केला तरी कारंजे आपल्या बळावर उडत राहते. २०११ मध्ये आणखी दोन पाइप बसवले गेले. संकटाची ताकदच संकट रिकामे करायला वापरण्याची ही युक्ती कोणत्याही जादुई तलवारीपेक्षा मला अधिक अद्भुत वाटते. तरीही प्रश्न तेवढ्याने मिटला नव्हता, कारण तळ्याला अडवून धरणारी नैसर्गिक भिंत कमकुवत होती आणि ती फुटली तर पूर पार नायजेरियापर्यंत जाण्याची भीती होती, म्हणून तीही मजबूत करावी लागली. आणि हलवलेली हजारो माणसे पुनर्वसन वसाहतींत वर्षानुवर्षे मूळ जमिनीची वाट पाहत राहिली. तुमच्या नायिकेने धुके थोडेथोडे, ठरवून, रेषेच्या खालीच सोडण्याची सोय उभी केली, तर तिला त्यासाठी खालची शेते कायमची सोडायला गावाला राजी करावे लागेल, आणि त्या सभेत तिच्या विरुद्ध बोलणाऱ्यांची बाजूही खरी असेल.

राहिले तीन प्रसंग. लग्नातील धुके ठेवा, कारण तेथे माणसे एका जागी, खालच्या सपाटीवर आणि वाजंत्रीच्या गोंगाटात असतात, त्यामुळे कुरणातील घंटा थांबल्याचे कोणाच्याही लक्षात येत नाही. धुके तेव्हाच का उठले याचे कारण देण्याची गरज नाही, ते लक्षात का आले नाही याचे कारण भक्कम आहे. लढाईतील धुके काढून टाका, पण त्याची शक्यता ठेवा: दोन्ही सेनापती रेषेच्या वरची जागा मिळवण्यासाठी झगडतील, खालच्या बाजूला अडकलेले सैन्य प्रत्येक शांत क्षणाला बिचकेल, आणि धुके येणारच नाही. पाठलागाचा प्रसंग मात्र मुळापासून फिरवावा लागेल. तेथे नायिकेला वाचवायला धुके येते. त्याऐवजी खोलगट वाटेत आधीच साचलेल्या कमरेइतक्या धुक्यातून तिला स्वतः जायचे आहे, श्वास रोखून किती पावले जाता येते हे तिला लहानपणच्या पैजेमुळे माहीत आहे, आणि तिच्या पाठीवर धाकटा भाऊ आहे, ज्याला ते माहीत नाही आणि ज्याला गप्प राहा असे धुक्यात शिरल्यावर सांगता येणार नाही. ते तिने आधी, वाटेच्या तोंडाशी, पाठलाग करणाऱ्यांच्या मशाली दिसत असताना सांगितले पाहिजे. त्या संभाषणाला किमान दोन पाने द्या आणि प्रत्यक्ष धुक्याला अर्धे.